ठक, ठग, थग

इंग्रजीत 'थग' म्हणजे दांडगा, मारकुटा गुंड. मराठीत 'ठक' म्हणजे गोड बोलून गंडवणारा, अंगाला हात न लावता गळ्यातला गोफ उतरवून नेणारा. शब्द मुळात एकच. इंग्रजी व्युत्पत्तिकोश 'थग'च्या मुळाशी हिंदी 'ठग'बरोबर मराठी 'ठक'चाही उल्लेख करतात. एकोणिसाव्या शतकाच्या आरंभी हा शब्द हिंदुस्थानातल्या वाटांवरून इंग्रजीत गेला आणि जाताना त्याच्या अर्थाचे दोन तुकडे झाले. कपट इकडे राहिले, मारझोड तिकडे गेली. हे दोन्ही तुकडे एकाच माणसाच्या अंगी एकत्र असल्याची जी लेखी हकीकत सांगितली जाते, ती हिंगोलीच्या छावणीतली आहे.

शब्दाचे मूळ बहुधा संस्कृत 'स्थग्' या धातूत आहे. त्याचा अर्थ झाकणे, लपवणे. 'स्थग' म्हणजे लबाड, आपला हेतू झाकून ठेवणारा. याच धातूचा 'स्थगित' हा शब्द विधानसभेच्या बातम्यांत रोज भेटतो. त्याचाही मूळ अर्थ झाकलेले, बंद केलेले असाच. पुढे तो थांबवलेले या अर्थाकडे सरकला. विड्याची पाने ज्यात झाकून ठेवत त्या डब्याला संस्कृतात 'स्थगिका' म्हणत. ठकाचा आणि पानाच्या डब्याचा असा जवळचा संबंध आहे, हे ऐकून गंमत वाटते. पण दोघांचे कामही तेच, आतले बाहेर दिसू न देणे.

भाषाशास्त्रज्ञ या धातूला आणखी मागे, संस्कृत, ग्रीक, लॅटिन आणि जर्मन घराण्यातल्या भाषांच्या समाईक पूर्वजापर्यंत नेतात. तिथे 'स्तेग्' असा धातू मानला जातो आणि अर्थ तोच, झाकणे. ग्रीकमध्ये त्याचे छत झाले. पाठीवर कौलांसारख्या पट्ट्या असलेल्या प्राण्याला स्टेगोसॉरस म्हणतात तो त्यामुळेच. लॅटिनमध्ये अंग झाकणारा टोगा झाला, घर झाकणारे कौल झाले. इंग्रजी 'टाइल' त्या कौलापासून आला. अगदी जुन्या इंग्रजीत, हजार वर्षांपूर्वी, या धातूपासून गवताच्या छपराचा शब्द तयार झाला. तोच आजचा 'थॅच'. हिंगोलीकडच्या खेड्यात ज्याला सपार म्हणतात, त्या शाकारलेल्या छपराचे इंग्रजी नाव आणि ठग हे व्युत्पत्तीच्या हिशेबाने सख्खे चुलत भाऊ आहेत. आणखी एक चुलत भाऊ मराठी वाचकाच्या ओळखीचा आहे. लॅटिनमध्ये झाकण काढणे, उघड करणे या अर्थाचे क्रियापद याच मुळाचे. त्यावरून 'डिटेक्टिव्ह' आला. झाकणारा आणि उघडे करणारा, दोघे एकाच घरातले.

मराठीने या शब्दाचे संगोपन घरगुती पद्धतीने केले. ठकणे, ठकवणे, ठकबाजी, ठकवणूक, ठकसेन असा त्याचा मोठा गोतावळा आहे. 'ठकास महाठक' ही म्हण तर लहान पोरेही वापरतात. तिच्यात फसवणाऱ्याबद्दल राग आहे, पण त्याच्या हुशारीचे थोडे कौतुकही आहे. बाजारात माप मारणारा ठक, सोन्याला उजाळा देतो म्हणून पाटल्या हलक्या करणारा ठक. मराठी ठकाच्या हातात शस्त्र नसते. त्याचे भांडवल म्हणजे समोरच्याचा विश्वास. नामदेवांच्या नरसीपासून वसमतच्या हळदीच्या बाजारापर्यंत हा शब्द आजही याच अर्थाने बोलला जातो आणि त्याचा अर्थ कुणाला समजावून सांगावा लागत नाही.

उत्तरेत 'ठग'ला फार आधीच आणखी एक छटा आली होती. झियाउद्दीन बरनी याने चौदाव्या शतकात लिहिलेल्या 'तारीख-ए-फिरोजशाही'त जलालुद्दीन खिलजीच्या काळची, म्हणजे १२९० च्या सुमाराची एक हकीकत आहे. दिल्लीत सुमारे हजार ठग पकडले गेले आणि सुलतानाने त्यांना न मारता नावांतून बंगालकडे, लखनौतीला पाठवून दिले. हे ठग नेमके काय करत, गळा दाबत की नुसते लुबाडत, ते बरनी सांगत नाही. पुढच्या लेखकांनी मात्र या एका उल्लेखावरून पाचशे वर्षांची अखंड परंपरा उभी केली. शब्द तोच दिसला की वस्तूही तीच असली पाहिजे, असे धरून चालण्याची ही चूक शब्दांच्या इतिहासात वारंवार होते.

दक्षिणेत वाटसरूंना फास घालून मारणाऱ्यांना 'फाँसीगार' म्हणत. मद्रासच्या डॉ. रिचर्ड शेरवूडने १८१६ मध्ये त्यांच्यावर लेख लिहिला तो याच नावाने. त्याआधी, १८१० मध्ये, मेजर जनरल सेंट लेजरने उत्तरेत रजेवर जाणाऱ्या शिपायांसाठी एक हुकूम काढला होता. साठवलेला पगार कमरेला बांधून एकट्यादुकट्याने प्रवास करू नका, रस्त्यात अनोळखी माणसांशी सलगी करू नका, पैसा हुंडीने पाठवा, असा त्याचा आशय. घरी निघालेले कितीतरी शिपाई घरी पोचतच नव्हते. इंग्रजी लिखाणात 'ठग' हा शब्द रुजू लागला तो या काळात. त्याचे स्पेलिंग करताना 'ठ'साठी टी आणि एच ही अक्षरे वापरली गेली. इंग्लंडातल्या वाचकाने ती 'थंब'मधल्यासारखी वाचली आणि मूर्धन्य ठकाचा दंत्य थग झाला.

कयाधूच्या काठची हिंगोली तेव्हा निजामाच्या राज्यात होती आणि तिथे फौजेचे ठाणे होते. ही फौज निजामाच्या खर्चाने पोसलेली, पण अधिकारी इंग्रज. १८५३ च्या तहानंतर तिला हैदराबाद कंटिंजंट हे नाव मिळाले आणि १९०३ मध्ये ती ब्रिटिशांच्या हिंदी सैन्यात विलीन झाली तेव्हा हिंगोलीची छावणीही उठली. छावणी गेली तरी तिची भाषा गावात राहिली. पलटण, रिसाला, तोफखाना, पेन्शनपुरा, सदर बाजार ही शहरातल्या वस्त्यांची नावे त्या छावणीची. यातला एकेक शब्द उचलून पाहावा असा आहे. पलटण हा इंग्रजी 'बटालियन'चा अपभ्रंश मानतात. त्यात 'प्लटून' हा दुसरा शब्द मिसळला असावा, आणि त्या प्लटूनचा फ्रेंच मूळ अर्थ आहे लहानसा चेंडू, गुंडाळी. रिसाला अरबी, पाठवणे या अर्थाच्या धातूपासून आलेला, म्हणून त्याचा अर्थ घोडदळाची तुकडीही होतो आणि पुस्तिकाही. तोफ तुर्की. पेन्शनच्या मुळाशी लॅटिनमधले वजन करणे आहे, कारण एके काळी पैसे तोलून देत. चार भाषांतले हे शब्द हिंगोलीत शेजारी शेजारी राहतात आणि त्यांची मुळे माहीत नसल्याने कुणाचे काही अडत नाही.

या छावणीत फिलिप मेडोज टेलर हा तरुण अधिकारी होता. त्याचा जन्म १८०८ चा, लिव्हरपूलचा. १८२४ मध्ये तो एका व्यापाऱ्याच्या पेढीवर काम करायला म्हणून मुंबईत आला आणि त्याच वर्षी निजामाच्या फौजेत दाखल झाला. मराठवाड्याला तो परका नाही. नळदुर्गच्या किल्ल्यात राहून त्याने पुढे तो जिल्हा सांभाळला आणि त्याची 'तारा' ही कादंबरी तुळजापुरात सुरू होते. १८३९ मध्ये त्याचे 'कन्फेशन्स ऑफ अ थग' हे पुस्तक लंडनला निघाले. अमीर अली नावाचा ठग आपली कहाणी स्वतः सांगतो, अशी त्याची मांडणी आहे. कथा कल्पित, पण तिला जोडलेल्या प्रस्तावनेत टेलर स्वतःच्या अनुभवातली म्हणून हिंगोलीची हकीकत देतो.

तिचा नायक, नायक म्हणायचा तर, हरिसिंग नावाचा व्यापारी आहे. हिंगोलीतला प्रतिष्ठित माणूस. टेलरचा स्वतःचा त्याच्याशी देण्याघेण्याचा व्यवहार होता आणि छावणीतल्या इतर अनेकांचाही. एकदा त्याने तिथला अधिकारी कॅप्टन रेनॉल्ड्स याच्याकडे परवाना मागितला. मुंबईहून कापड आणायचे आहे, असे कारण. परवाना मिळाला. कापड खरोखरच मुंबईहून येत होते, पण ते दुसऱ्याचे होते. हिंगोलीपासून फार लांब नसलेल्या एका गावाचा व्यापारी आपला माल स्वतः घेऊन येत होता आणि हरिसिंगला त्याची खबर होती. वाटेत तो व्यापारी, त्याचे नोकर, बैल हाकणारे, सगळे मारले गेले. माल हरिसिंगच्या परवान्यावर हिंगोलीत आला आणि छावणीच्या बाजारात उघड विकला गेला. पकडल्यावर त्याने स्वतः सांगितले नसते तर हे कधीच कळले नसते, असे टेलर म्हणतो; आणि ते सांगतानाही त्याला मोठी मौज वाटत होती.

या हकीकतीत मराठी ठक आणि इंग्रजी थग एकाच देहात उभे आहेत. सरकारी शिक्क्याचा कागद, भरवशाचा चेहरा, ही सगळी ठकाची कला. त्याखाली झाकलेले रानातले प्रेत. 'स्थग्' या धातूचा झाकणे हा अर्थ इतक्या भयंकर रीतीने शब्दशः खरा झालेला क्वचितच आढळेल, कारण पुढे टेलर जे लिहितो ते जमिनीखालचे आहे. छावणीच्या बाजारातच, मुख्य पहाऱ्यापासून शंभर यार्डांच्या आत माणसे मारली गेली होती आणि पहारेकऱ्यांच्या रांगेपासून जेमतेम पाचशे यार्डांवर पुरली गेली होती. जागा म्हणजे नदीला मिळणारी एक कोरडी ओघळ, चरापेक्षा रुंद नाही की खोल नाही, शेजारच्या गावाला जाणाऱ्या वाटेला लागून. माफीचे साक्षीदार एकामागून एक जागा दाखवत गेले. प्रत्येक खड्ड्यात अनेक प्रेते. शेवटी बघणाऱ्यांना किळस आली आणि त्यांनी खणणे थांबवले. पलटण होती, रिसाला होता, तोफखाना होता. आणि या सगळ्यांच्या पावलांखाली ती ओघळ होती.

ठगांच्या टोळ्यांची स्वतःची सांकेतिक बोली होती. ठगांचा पाठलाग करणारा ईस्ट इंडिया कंपनीचा अधिकारी विल्यम स्लीमन याने जबलपूरला माफीच्या साक्षीदारांकडून तिचे शब्द जमा केले आणि १८३६ मध्ये कलकत्त्यात 'रामासियाना' या नावाने छापले. 'रामासी' हे त्या बोलीचे नाव. तिच्यातले शब्द बहुतेक रोजच्या भाषेतलेच, फक्त अर्थ बदललेले. सावज म्हणून हेरलेल्या प्रवाशाला 'बनिज' म्हणत, म्हणजे वाणिज्य, व्यापाराचा माल. खड्डा खणायच्या कुदळीला कस्सी. 'तमाखू लाओ' अशी हाक म्हणजे गळा आवळण्याची खूण. टोळीच्या म्होरक्यांना जमादार, सुभेदार म्हणत, हे तर सरळ फौजेचेच हुद्दे. साध्या वाक्याने मारेकऱ्याचे वाक्य झाकायचे, अशी ही भाषा. स्लीमनचा कोश वाचताना अंगावर काटा येतो तो शब्द परके आहेत म्हणून नाही. ते घरातले आहेत.

ठगांविरुद्धची स्लीमनची मोहीम परिणामकारक ठरली हे खरेच. १८३१ ते १८३७ या काळात ३,२६६ जण तिच्या कचाट्यात सापडले. त्यांतले ४१२ फासावर गेले, ४८३ माफीचे साक्षीदार झाले, बाकीच्यांना काळे पाणी किंवा तुरुंग. पण याच वर्षांत शब्दाचे रूप बदलले आणि तो बदल फार लांबवर पोचला. ठग हे तोवर कृत्याचे नाव होते. जो ठकवतो तो ठग. १८३६ च्या तिसाव्या कायद्याने ठगांच्या टोळीत असणे हाच गुन्हा ठरवला आणि त्याला जन्मठेप ठेवली. गुन्हा कायदा होण्याआधीचा असो की नंतरचा, कंपनीच्या मुलखातला असो की निजामाच्या, कुठलाही चालत असे. ठग म्हणजे कोण, हे मात्र त्या कायद्यात सांगितलेले नव्हते. सिद्ध कसे करायचे? माफीच्या साक्षीदाराने बोट दाखवले की झाले. पुढे लिहिले गेले की ठग हा एक पंथ आहे, त्यांचा धर्मच खून करणे आहे, भवानीला ते नरबळी देतात, आणि ठगाचा मुलगा ठगच होतो. यातले किती खरे आणि किती कबुलीजबाब घेणाऱ्यांच्या कल्पनेतले, यावर इतिहासकारांचा वाद गेली पन्नासहून अधिक वर्षे चालू आहे. स्ट्युअर्ट गॉर्डनने १९६९ मध्ये माळव्यातल्या टोळ्यांचा संबंध तिथल्या राजकीय उलथापालथीशी लावून दाखवला. किम वॅग्नरने २००७ च्या ग्रंथात खून खरे होते, पण देशभर पसरलेला एकच गुप्त पंथ ही बांधणी इंग्रजी दफ्तराची, असे मांडले. हे मत पटण्याजोगे आहे. हिंगोलीच्या ओघळीतली हाडे कुणी कल्पनेने तयार केलेली नव्हती. पण तुळजापूरची भवानी, जी लाखो घरांची कुलस्वामिनी आहे, ती इंग्रजी वाचकाच्या डोळ्यांपुढे खुन्यांची देवी म्हणून उभी राहिली, ही त्या लिखाणाने केलेली खरी इजा आहे. तिची भरपाई कुठल्याही कोशात होत नाही.

जन्माने गुन्हेगार ही कल्पना ठगांपुरती राहिली नाही. १८७१ मध्ये गुन्हेगार जमातींचा कायदा आला आणि जमातीच्या जमाती हजेरीच्या पटावर चढल्या. स्वतंत्र भारतात ३१ ऑगस्ट १९५२ ला तो संपला, म्हणून त्या जमातींना विमुक्त म्हणतात. महाराष्ट्राच्या विमुक्त जातींच्या यादीत दोन नावे अशी आहेत की शब्दाचा विचार करणाऱ्याला तिथे थांबावेच लागते. एक, भामटा. ठग ही मूळची शिवी, ती माणसांच्या समूहाचे नाव म्हणून वापरली गेली. भामटा हे समूहाचे नाव, त्याची मराठीने शिवी केली. 'सायबर भामट्यांनी लुटले' अशी ओळ वर्तमानपत्रात छापली जाते तेव्हा शाळेच्या दाखल्यावर ते नाव असलेली मुलेही ती वाचत असतात. 'ठक' हा तयार शब्द भाषेत असताना तिथे भामटा लिहिण्याची गरज नाही. दुसरे नाव, छप्परबंद. मुघल फौजेसाठी छपरे शाकारणारे लोक म्हणून हे नाव पडले असे सांगितले जाते. तेही गुन्हेगार ठरवले गेले. गवताने घर झाकणाऱ्याला आणि हेतू झाकणाऱ्याला इतिहासाने एकाच पंक्तीत बसवले.

इंग्रजीत शब्दाचा पुढचा प्रवास भरभर झाला. टेलरचे पुस्तक खपले, व्हिक्टोरिया राणीने ते आवडीने वाचले. त्याच १८३९ च्या आसपास 'थग' कुठल्याही दांडगट माणसाला लावला जाऊ लागला. फसवणूक गळाली, फास गळाला, उरली ती नुसती दांडगाई. अमेरिकेत त्याला आणखी एक रंग चढला. १९९४ मध्ये रॅप गायक टुपाक शकूरच्या मंडळींचा 'थग लाइफ' हा अल्बम आला आणि शिवी मिरवण्याचे नाव झाली. २०१५ मध्ये बाल्टिमोर शहरातल्या दंगलीनंतर तिथल्या महापौरांनी आणि अध्यक्ष बराक ओबामा यांनी दंगल करणाऱ्यांना हा शब्द वापरला. तेव्हा तो काळ्या तरुणांसाठीचा झाकलेला वर्णवाचक शब्द आहे असा आक्षेप निघाला आणि महापौरांनी तो मागे घेतला. म्हणजे जवळजवळ दोनशे वर्षांनी शब्द पुन्हा तिथेच आला. कृत्याऐवजी जन्माकडे बोट दाखवण्यासाठी तो वापरला जातो, ही तक्रार स्लीमनच्या काळालाही लागू पडली असती. मोबाइलवरच्या 'थग लाइफ'च्या चित्रफिती आता हिंगोलीतली पोरेही बघतात आणि 'थ'नेच उच्चारतात. तो आजीच्या तोंडचा ठक आहे, हे त्या उच्चारात ओळखू येत नाही.

कायद्यात दोन्ही अर्थ बराच काळ एकत्र नांदले. १८६० च्या भारतीय दंड संहितेने कलम ३१० मध्ये अखेर ठगाची व्याख्या केली: खून करून लूट किंवा मुलांची चोरी करण्यासाठी इतरांशी नेहमीचा संबंध ठेवणारा तो ठग. कलम ३११ मध्ये जन्मठेप. त्याच संहितेच्या मराठी पुस्तकात कलम ४१५ पासून 'ठकवणूक' येते, आणि ४२० हा आकडा तर स्वतःच मराठी शब्द होऊन बसला. एका संहितेत एकच शब्द दोनदा. एकदा इंग्रजीतून फिरून आलेला, एकदा घरचा. १ जुलै २०२४ पासून भारतीय न्याय संहिता लागू झाली. तिच्यात ठगाचे कलम नाही. फसवणुकीचे आहे, ३१८ वे.

हरिसिंगचे नाव टेलरच्या पुस्तकामुळे टिकले. परवाना देणाऱ्या कॅप्टन रेनॉल्ड्सचेही टिकले. मुंबईहून कापड घेऊन निघालेल्या त्या व्यापाऱ्याचे नाव, त्याचे गाव, त्याच्या बैलांमागे चालणाऱ्या माणसांची नावे टेलरने लिहिलेली नाहीत.